बाई नव्हत्या तेव्हा

दोन वर्षांपूर्वी गणपतीपासून दिवाळीपर्यंत मी अंबाडी नाक्यावरून रोज सकाळी भिवंडीच्या बाजूला एका गोदामात पॅकिंगच्या कामाला जायचो. काम एजन्सीमार्फत, पगारही एजन्सीमार्फत. ओव्हरटाइमचे पैसे सलग दुसऱ्या महिन्यात आले नाहीत, तेव्हा आमच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एका पोराने लिहिलं, 'कुणीतरी बोला यार.' त्या मेसेजखाली धडाधड अंगठे पडले. बोललं कुणीच नाही. मीही अंगठाच दिला होता.

त्याच दिवसांत रात्री झोपण्याआधी मी गोदावरी परुळेकरांचं 'जेव्हा माणूस जागा होतो' वाचत होतो. वाचनालयाची जुनी प्रत, कडेने पिवळी पडलेली. पुस्तकाचं नाव मराठी घेतलेल्या प्रत्येकाला ठाऊक असतं. १९७० साली आलं, १९७२ साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला, ठाणे जिल्ह्यातल्या वारल्यांच्या उठावाची हकिगत आहे, लेखिका कम्युनिस्ट होत्या. एवढं लिहिलं की परीक्षेत मार्क मिळतात. पुस्तक मात्र वाचायचं राहून जातं.

माझंही राहून गेलं असतं. पण २०१८च्या मार्चमध्ये नाशिकहून मुंबईला निघालेला शेतकऱ्यांचा लाँग मार्च आमच्याच तालुक्यातल्या हायवेवरून गेला. सोललेल्या तळपायांचे ते फोटो तुम्हीही फॉरवर्ड केले असतील. दहावीच्या पोरांच्या परीक्षेचा खोळंबा नको म्हणून ती माणसं रात्रीचीच सोमय्या मैदानावरून आझाद मैदानावर चालत गेली. त्या गर्दीत आदिवासी फार होते आणि सगळीकडे लाल बावटे होते. हा बावटा यांच्या हातात आला कधी आणि कसा, हा प्रश्न तेव्हापासून डोक्यात होता. पुस्तक उघडायला मला सहा वर्षं लागली.

वाचून झाल्यावर माझं मत असं झालं की हे पुस्तक आपण पन्नास वर्षं जरा तिरकं वाचत आलो आहोत. जागं करणाऱ्या बाईची गोष्ट म्हणून. तसं वाचायला पुस्तकही मदत करतं. पण त्याच्या पोटात दुसरी एक गोष्ट आहे, आणि ती बाई जिथे हजर नाहीत तिथे सर्वांत स्पष्ट दिसते.

सांगणारी कोण

आधी गोदावरीबाईंचं मोठेपण मान्य करूनच पुढे जाऊ. १९०७चा जन्म, पुण्यातलं गोखल्यांचं वकिली घर, स्वतः कायद्याची पदवी घेतलेली. भारत सेवक समाजाच्या त्या पहिल्या महिला आजीव सभासद. पुढे कम्युनिस्ट पक्षात आल्या, शामराव परुळेकरांशी लग्न केलं. आणि १९४५ साली, वयाच्या अडतिसाव्या वर्षी, ही बाई डहाणू-उंबरगावच्या जंगलपट्टीत पायी फिरायला लागली. पाड्यापाड्यावर राहिली, झोपडीत झोपली, जे मिळेल ते खाल्लं. पुढे सगळे त्यांना गोदूताई म्हणू लागले.

त्यांनी तिथे जे पाहिलं ते लिहिताना आवाज चढवलेला नाही. वेठ म्हणजे काय, तर सावकाराने बोलावलं की आपलं शेत तसंच टाकून त्याच्या शेतावर फुकट राबायला जायचं. लग्नगडी म्हणजे काय, तर लग्नासाठी थोडं कर्ज घेतलं की नवरा-बायको दोघंही ते फिटेपर्यंत सावकाराचे. आणि ते फिटत नाही, कारण हिशेब सावकाराच्या वहीत असतो आणि वही गड्याला वाचता येत नाही. मारहाण, बायकांवरची जबरदस्ती, हे सगळं पुस्तकात येतं. दया दाखवून वाचकाला बरं वाटेल अशी सोय बाई करत नाहीत, आणि हा भाग आजही वाचताना हात थरथरतो.

पण सांगणारी व्यक्ती 'मी' आहे. आणि 'मी'ने सांगितलेल्या कुठल्याही गोष्टीत एक अडचण असते. कॅमेरा जिथे आहे तेवढंच फ्रेममध्ये येतं. बाई पाड्यावर पोचल्या की पाडा दिसू लागतो. बाई बोलल्या की माणसं ऐकतात, मान वर करतात, हसतात. वाचताना नकळत वाटायला लागतं की आधी अंधार होता, मग बाई आल्या, मग उजेड पडला.

खुद्द पुस्तकातल्याच घटना मात्र या क्रमाला दुजोरा देत नाहीत. जानेवारी १९४५मध्ये टिटवाळ्याला किसान सभेची परिषद भरली. टिटवाळा म्हणजे आमच्यापासून काही फार लांब नाही. तिथे उंबरगावकडचे काही वारली आले होते. त्यांच्यातला माह्या धांगडा त्या परक्या गर्दीत उभा राहिला आणि आपल्या मुलखात काय चालतं ते बोलला. विचार करा. वेठीला 'नाही' म्हटलं तर झाडाला बांधून मार खायची पद्धत असलेल्या मुलखातून एक माणूस निघतो, इतक्या लांब येतो, पांढरपेशांच्या सभेत उभा राहतो. हा माणूस झोपलेला होता?

परुळेकर वारल्यांकडे गेले हे खरं. पण त्याआधी वारली परुळेकरांकडे आले होते.

होतो आणि करतो

आता शीर्षकाकडे बघू. मराठीत 'जागा होणे' आणि 'जागा करणे' ही दोन वेगळी क्रियापदं आहेत. आई पोराला जागं करते. पोर आपलं आपण जागं होतं. गोदावरीबाईंनी 'होतो' निवडलं, आणि माझ्या मते ही निवड पूर्ण विचाराने केलेली असणार. त्या वकिलीच्या घरातल्या होत्या, शब्द कुठे कसा लागतो हे त्यांना कळत होतं. पुस्तकावर कुठेही 'मी जागं केलं' असं लिहिलेलं नाही.

म्हणजे शीर्षक एक म्हणतं आणि निवेदनाची बैठक दुसरं. शीर्षकात कर्ता माणूस आहे, पानापानावर मात्र 'मी' आहे. या ओढाताणीतच पुस्तकाचा जीव आहे असं मला वाटतं. आपल्याकडच्या परीक्षणांनी बहुतेक वेळा ती मिटवून टाकली, 'आदिवासींना जागं करणाऱ्या गोदूताई' असं एक वाक्य लिहून. 'होतो'चं 'केलं' झालं आणि कुणाच्या लक्षातही आलं नाही.

शामराव परुळेकरांनी याच उठावावर १९४७ साली इंग्रजीत 'रिव्होल्ट ऑफ द वारलीज' ही पुस्तिका लिहिली होती. ती लढा चालू असतानाची आहे. काय होईल ते ठाऊक नसताना लिहिलेली. गोदावरीबाईंचं पुस्तक उठावानंतर पंचवीस वर्षांनी आलं. मध्ये स्वातंत्र्य आलं, पक्षाची शकलं झाली, १९६५ साली शामराव तुरुंगातच वारले. अशा पुस्तकात आठवणीला आकार येतोच. कुठून कुठे पोचलो हे ठाऊक असलेला माणूस वाट सरळ करून सांगतो. वळणं, चुका, भलतीकडेच गेलेली पावलं मागे पडतात. म्हणून हे पुस्तक वाचताना वाट जिथे सरळ राहत नाही तिथे थांबायला हवं.

अशी सर्वांत मोठी जागा म्हणजे तलवाडा.

तलवाड्याची अफवा

मे १९४५मध्ये झरी गावात वारल्यांची परिषद भरली. तेव्हा झरी उंबरगाव तालुक्यात होतं, आज ते पालघर जिल्ह्यातल्या तलासरी तालुक्यात आहे. हजारो माणसं चालत आली. वेठ करायची नाही असं ठरलं. आणि पुढच्या काही आठवड्यांत ज्या वेगाने वेठ थांबली तो वेग कुठल्याही पक्षाच्या कार्यकर्त्यांना झेपणारा नव्हता. सगळ्या पट्ट्यात मोजके पूर्णवेळ कार्यकर्ते, ना गाडी, ना फोन, वाचणारी माणसं जवळजवळ नाहीत. निरोप पाड्यावरून पाड्यावर गेला तो पायांनी आणि तोंडांनी. ज्यांनी तो नेला त्यांची बहुतेकांची नावं आपल्याला ठाऊक नाहीत.

ऑक्टोबर आला. गवत कापणीचा हंगाम. पाचशे पौंड गवताला अडीच रुपये अशी मागणी ठेवून कापणी बंद झाली. जमीनदारांना हे सोसणारं नव्हतं. आणि मग त्यांनी एक शक्कल लढवली. १० ऑक्टोबरला तलवाड्याला सभा आहे, गोदूताई येणार आहेत, त्यांच्या जिवाला धोका आहे, काठ्या घेऊन या, असा निरोप पाड्यांवर फिरवला. दुसरीकडे पोलिसांना सांगितलं की वारली हत्यारं घेऊन जमतायत, आता काही आमची धडगत नाही. माणसं हजारोंनी जमली. पोलीस आले. रात्री सुरू झालेला गोळीबार थांबत थांबत दुसऱ्या दिवसापर्यंत चालला. जेठ्या गांगड बावटा धरून होता, तो मेला. त्याच्यासह पाच जण मेले.

आणि ज्या बाईंना वाचवायला ही माणसं आली होती, त्या तलवाड्यात नव्हत्याच.

पुस्तकातली ही जागा मी तीनदा वाचली. इथे निवेदक साक्षीदार नाही. तिने हे नंतर ऐकलं, तिथल्या माणसांकडून. म्हणजे इतका वेळ जी 'मी' सांगत होती, ती इथे ऐकणारी झाली. आणि काय ऐकलं, तर गोळ्या चालू असतानाही माणसं बावट्याभोवती बसून राहिली, कारण बाई येणार म्हणून सांगितलं होतं.

यातून दोन अर्थ निघतात, आणि दोन्ही धरूनच हे पान वाचावं लागतं.

पहिला अर्थ सोपा आहे, तो म्हणजे निष्ठा. नेत्यावर इतकं प्रेम की जीव दिला. हुतात्मा स्मारकांवर हाच अर्थ कोरलेला असतो.

दुसरा अर्थ कडू आहे. जमीनदारांनी चळवळीची नेमकी कमकुवत जागा हेरली होती. एका नावावर माणसं जमतात, तर ते नाव वापरून त्यांना कुठेही जमवता येतं. निरोप कुणी दिला, खरा की खोटा, हे पडताळायची सोय नव्हती, कारण शेवटचा शब्द बाईंचा आणि बाई दुसरीकडे. रणजित गुहांनी वसाहतकाळातल्या शेतकरी बंडांवरच्या त्यांच्या १९८३च्या पुस्तकात अफवेला बंडखोरांचं साधन म्हटलंय. अफवेला मालक नसतो, ऐकणारा प्रत्येक जण सांगणारा होतो, म्हणून लिहिता न येणाऱ्या माणसांत ती वणव्यासारखी जाते. तलवाड्याला हेच साधन उलटं फिरलं. ज्या वाटांनी 'वेठ करू नका' हा निरोप गेला, त्याच वाटांनी 'तलवाड्याला या' हा सापळा गेला. नाव न लिहिता आलेला मेसेज कुणी पाठवला हे न बघता पुढे ढकलायची सवय आपल्यालाही आहे. त्यामुळे ही गोष्ट जुनी म्हणून सोडून देता येत नाही.

गोदावरीबाई हा प्रश्न पुस्तकात पुरता उभा करत नाहीत. जमीनदारांचं कपट त्या सांगतात, पोलिसांचं क्रौर्य सांगतात. पण एका नावाभोवती चळवळ बांधली गेली याची किंमत तलवाड्याने मोजली, असं त्या म्हणत नाहीत. कदाचित म्हणणं शक्यच नव्हतं. ते नाव त्यांचंच होतं. पुस्तकाची ही उणीव मला टोचते, आणि ती समजूही शकते.

गवताचं गणित

पण तलवाड्यानंतर जे झालं तिथे पुस्तकातली दुसरी गोष्ट उघडी पडते.

गोळीबारानंतर सभांवर बंदी आली. परुळेकरांना जिल्ह्याबाहेर काढलं. पाच माणसं मेलेली, नेते हद्दपार, पोलीस गावोगाव. सावकारांना वाटलं, आता ही माणसं मुकाट्याने विळे घेऊन येतील. ती आली नाहीत. संप मोडला नाही.

तो मोडला नाही याचं कारण शौर्यात जितकं आहे तितकंच गवतात आहे. ठाणे जिल्ह्याचं गवत गासड्या बांधून रेल्वेने मुंबईच्या तबेल्यांना जायचं. पाऊस गेला की गवत तयार होतं आणि ठरावीक दिवसांतच कापावं लागतं. उशीर झाला की ते वाळून कडक होतं, भाव पडतो, वणवा लागला तर सगळंच गेलं. म्हणजे वर्षातले काही आठवडे असे असतात की मजुराला मालकाची जितकी गरज, त्याहून मालकाला मजुराची जास्त. बाकीचं वर्षभर पारडं उलटं. हे काही आठवडे कुठले, हे ओळखणं म्हणजेच संपाची विद्या. आणि ही विद्या पुण्याच्या कायद्याच्या पदवीत शिकवत नव्हते. ती ज्यांनी लहानपणापासून गवत कापलं त्यांच्याकडे होती.

पुढच्या वर्षी तीच विद्या जंगलकामाला लावली. १९४६च्या ऑक्टोबरमध्ये लाकूडतोडीचा हंगाम सुरू होताना वारल्यांनी किमान रोज सव्वा रुपया मागितला आणि काम बंद केलं. महिन्याहून जास्त काळ जंगलात कुऱ्हाड वाजली नाही. शेवटी लाकूड व्यापाऱ्यांनी सव्वा रुपया कबूल केला.

या काळात देशात काय चाललं होतं तेही बघा. त्याच वर्षी फेब्रुवारीत मुंबईच्या बंदरात नौसैनिकांचं बंड झालं आणि गिरणी कामगार त्यांच्या पाठिंब्याला रस्त्यावर आले. बंगालमध्ये तेभागा सुरू होत होतं, तेलंगणात शेतकरी उठले होते. मुंबई प्रांतात बाळासाहेब खेरांचं काँग्रेस मंत्रिमंडळ आलेलं, मोरारजी देसाई गृहमंत्री. म्हणजे इंग्रज जात होते, आपले येत होते. आणि आपले आल्यावर वारल्यांच्या वाट्याला काय आलं? पुन्हा हद्दपाऱ्या, आणि जानेवारी १९४७मध्ये नानिवलीला पुन्हा गोळीबार. राजकीय उलथापालथीत खालची माणसं सर्वांत आधी एक गोष्ट शिकतात. सरकार बदललं म्हणून बंदुकीची दिशा बदलतेच असं नाही. पुस्तकातला हा भाग राग आवरून लिहिलाय, आणि म्हणूनच तो जास्त लागतो. स्वातंत्र्याच्या गोष्टीत या पानांना आपण अजून जागा दिलेली नाही.

तर मुद्दा असा. नेते नव्हते तेव्हा कापणी बंद ठेवायची, फुटणाऱ्याला समजवायचं, घरात दाणा नसताना दिवस काढायचे, हे सगळं कुणी ठरवलं? पाड्यावरच्या माणसांनी, आपसात बसून. त्या बैठकांचं वर्णन आपल्याकडे नाही, कारण त्या बैठकांना लिहिणारं कुणी नव्हतं. हे लिहिता येणारी एकमेव व्यक्ती जिल्ह्याबाहेर होती. पुस्तक तिथे मोठ्या गतीने पुढे सरकतं, आणि मला नेमकं तिथेच थांबायचं होतं. मराठीतल्या या सर्वांत महत्त्वाच्या कामगारपुस्तकाचा सर्वांत महत्त्वाचा अध्याय त्यात नाही. तो आपल्याला रिकाम्या जागेवरून वाचावा लागतो.

माणूस म्हणजे कोण

शीर्षकातल्या दुसऱ्या शब्दाबद्दलही बोललं पाहिजे. 'माणूस'.

बाईंच्या मनात त्याचा अर्थ मनुष्य असाच असणार. ज्याला ढोरासारखं राबवलं तो आपण माणूस आहोत हे ओळखतो, असा. पण आमच्याकडे बोलताना 'माणूस' म्हटलं की पुरुष डोळ्यापुढे येतो, बाईला 'बाईमाणूस' म्हणावं लागतं. पुस्तकात बायकांवरचा अत्याचार ठळकपणे आहे. लग्नगड्याच्या बायकोचं जिणं वाचवत नाही. बायका लढ्यात होत्या हेही दिसतं. पण निर्णय घेणारी, नाव घेऊन आठवावी अशी वारली बाई माझ्या मनात पुस्तक संपल्यावर राहिली नाही. राहिल्या त्या गोदूताईच. एका स्त्रीने लिहिलेल्या पुस्तकाबद्दल हे म्हणावं लागतं याचं वाईट वाटतं. गवत कापणीत बायका पुरुषांच्या बरोबरीने असतात. विळा बाईने खाली ठेवल्याशिवाय संप होतच नाही.

आणखी एक. पुस्तकाचा मुलूख डहाणू-उंबरगावचा, वारल्यांचा. आमच्याकडे तानसेच्या काठाने, वज्रेश्वरी-गणेशपुरीच्या बाजूला कातकरी जास्त. कातकऱ्यांकडे वारल्यांइतकीही जमीन नव्हती आणि नाही. जो कसतो त्याचा लढा जमिनीपाशी येऊन पोचतो. ज्याच्याकडे कसायलाही नाही त्याचं काय, या प्रश्नाचं उत्तर या पुस्तकात शोधायला गेलं तर हाती फारसं लागत नाही. हा पुस्तकाचा दोष म्हणता येणार नाही, ती त्याची हद्द आहे. पण अंबाडीत बसून वाचणाऱ्याला ही हद्द रोज दिसते.

दिवाळी झाली की आमच्या आसपासच्या कातकरी वाड्या रिकाम्या होतात. माणसं पोराबाळांसकट वीटभट्ट्यांवर जातात, ती पाऊस तोंडावर येईपर्यंत. जायच्या आधी पावसाळ्यात, घरात काही नसताना, भट्टीवाल्याकडून बयाणा घेतलेला असतो. भट्टीवर आठवड्याला खर्ची मिळते. शेवटी हिशेब होतो, आणि किती तरी जणांच्या अंगावर पैसे निघतात. मग पुढच्या वर्षी पुन्हा तिथेच. वही कुणाकडे असते, हे सांगायला हवं का? वेठबिगारी मोडणारा कायदा १९७६ सालचा आहे. 'लग्नगडी' हा शब्द आता कुणी वापरत नाही. पण लग्नासाठी घेतलेला बयाणा हा प्रकार मी माझ्या डोळ्यांनी पाहिला आहे.

पुस्तकावरचं सर्वांत चांगलं परीक्षण

या पुस्तकावरचं सर्वांत चांगलं परीक्षण कागदावर लिहिलं गेलं नाही असं मला वाटतं. ते पालघर तालुक्यात केलं गेलं, आणि योगायोग असा की पुस्तक आलं त्याच सुमारास सुरू झालं.

१९७०च्या ऑगस्टमध्ये देशभर भूमिमुक्तीची आंदोलनं झाली. त्यांत काळूराम धोदडे हा आदिवासी तरुण तुरुंगात गेला. त्याने समाजवाद्यांबरोबर काम केलेलं होतं. बाहेर आल्यावर त्याच्या आणि त्याच्या साथीदारांच्या लक्षात आलं की आपल्यासाठी ठरवणारे दुसरेच असतात. त्यातून भूमिसेना उभी राहिली. बळकावलेल्या जमिनींवरचं पीक स्वतः कापून आणायचं, गावोगाव तरुणांची मंडळं करायची, प्रश्न गावानेच मांडायचा आणि गावानेच सोडवायचा. बाहेरच्या कुणी सल्ला द्यायला हरकत नाही, निर्णय मात्र आमचा. मधल्या काळात बाहेरून पैसा आणि योजना घेऊन लोक आले, तो प्रयोग फसला, आणि त्या फसण्यातूनही ते हेच शिकले. आणीबाणीत जिथे सगळीकडे तोंडं बंद होती, तिथे वेठबिगारीविरोधी कायदा हातात घेऊन यांनी गडी सोडवले.

'जेव्हा माणूस जागा होतो'मध्ये जी जागा रिकामी आहे, पाड्यावरची ती बैठक, तिच्यापासूनच भूमिसेनेने सुरुवात केली. म्हणून मी त्याला परीक्षण म्हणतो. त्यांनी गोदूताईंना नाकारलं असं मला म्हणायचं नाही. लाल बावट्याने वेठ मोडली नसती तर पुढचं काहीच झालं नसतं. त्यांनी फक्त शीर्षकातलं क्रियापद गंभीरपणे घेतलं.

पुढे ऐंशीच्या दशकात आमच्या अंबाडी-शिरसाड रस्त्यावरच्या उसगावच्या बाजूने श्रमजीवी संघटनेचं काम वाढलं. तिनेही वेठबिगार सोडवण्यापासून सुरुवात केली. आज कातकऱ्यांचा कुठलाही मोर्चा निघाला की त्यांचे झेंडे दिसतात. तिथेही हा प्रश्न चुकलेला नाही. माणसं संघटनेची असतात की संघटना माणसांची? प्रत्येक पिढीला, प्रत्येक झेंड्याखाली, तो नव्याने विचारावा लागतो. झेंडा कुठला आहे यावरून उत्तर ठरत नाही. नेता गावात नसताना बैठक होते की नाही, यावरून ठरतं.

मग गोदामाचं काय

'कुणीतरी बोला यार' या मेसेजचं पुढे काय झालं ते सांगून थांबतो.

काही झालं नाही. दोन दिवसांनी तो पोरगा ग्रुपमधून गायब झाला. त्याला काढलं की तो स्वतः गेला हे कुणी विचारलं नाही. दिवाळी झाली, आमचं काम संपलं, अर्धे पैसे आले, अर्धे अजून यायचे आहेत.

तेव्हा मी पुस्तक वाचत होतो आणि मनातल्या मनात गोदूताईंची वाट बघत होतो, हे आज कबूल केलं पाहिजे. अशी एखादी बाई येईल, शिकलेली, कायदा जाणणारी, न घाबरणारी, आणि मग आम्ही बोलू. पुस्तक मी तसंच वाचत होतो, सगळ्यांसारखं. गवताच्या पानांवर पोचेपर्यंत.

भिवंडीच्या गोदामांचाही एक हंगाम असतो. दसऱ्याच्या आधी सेल सुरू होतात आणि दिवाळीपर्यंत ट्रकांची रांग हटत नाही. त्या दिवसांत एका शिफ्टचं पॅकिंग अडलं तर कुठल्या कुठे बोंब होते, हे आम्ही पॅकिंगवाले सोडून कुणालाच इतकं पक्कं ठाऊक नाही. गवत कापणीचा ऑक्टोबर आणि सेलचा ऑक्टोबर एकच. हे गणित मला कुणी शिकवलं नाही, ते माझ्या हातांनाच ठाऊक होतं. पण मी एकट्यानेच ते मांडलं, रात्री, पुस्तक छातीवर ठेवून. माह्या धांगडाने ते टिटवाळ्याला उभं राहून मांडलं होतं.

कंत्राटी कामगाराला संप करणं सोपं आहे असं मी म्हणत नाही. एजन्सी दुसऱ्या दिवशी दुसरी पोरं आणते. वारल्यांच्या वेळी जंगलात दुसरी माणसं आणणं अवघड होतं, आज नाक्यावर माणसांची कमी नाही. आमच्यातला कुणी बिहारचा, कुणी विदर्भातला, कुणी इथल्याच पाड्यावरचा. एकत्र राहत नाही, एकत्र जेवत नाही, तीन महिन्यांनी पांगतो. पाडाच नाही, तर पाड्यावरची बैठक कुठे भरणार? या प्रश्नाचं उत्तर पुस्तकात नाही, आणि १९७०च्या पुस्तकाने ते द्यावं असा हट्टही नको.

पुस्तकाने मला दिली ती एवढीच गोष्ट की त्या पोराचा मेसेज मी आता वेगळा वाचतो. त्याने 'कुणीतरी' असं लिहिलं, पण लिहिलं त्यानेच. तो बोलला होता. अंगठे देणाऱ्या आम्हा सगळ्यांना ते कळलं नाही, कारण आम्ही दुसऱ्या कुणाची तरी वाट बघत होतो.

त्याचा नंबर माझ्याकडे अजून आहे. येत्या गणपतीआधी त्याला फोन करायचा आहे, आणि शक्य झालं तर आणखी तिघा-चौघांना. नाक्यावरच्या चहाच्या टपरीवर बसता येईल. बाई येणार नाहीत हे धरूनच बसायचं आहे.